पी. के. रोझीचा गुन्हा कोणता?

१० फेब्रुवारी २०२३ रोजी गुगलने पी. के. रोझीचे डूडल काढले. मल्याळम सिनेमाची पहिली नायिका म्हणून दिवसभर तिचे कौतुक झाले. ‘विस्मृतीत गेलेली अभिनेत्री’ असेही लिहिले गेले. हा शब्द फसवा आहे. रोझी विस्मृतीत गेली नाही, तिला हाकलून दिले गेले.

रोझी पुलय या अस्पृश्य जातीतली. गवत कापून पोट भरणारी आणि ‘काक्कारिशी’ या लोकनाट्यात काम करणारी कलावंत. जे. सी. डॅनियल यांनी ‘विगतकुमारन’ या मूकपटासाठी तिला निवडले आणि सरोजिनी या नायर स्त्रीची भूमिका दिली. हा त्रावणकोरचा मुलूख. इथे सार्वजनिक रस्त्यावरून बैलगाडी हाकण्यासाठीसुद्धा अय्यंकालींना लढावे लागले होते. त्रिवेंद्रमच्या कॅपिटॉल थिएटरात सिनेमा लागला, तेव्हा पुलय बाई पडद्यावर नायर स्त्री झालेली पाहून सवर्ण प्रेक्षक खवळले. नायक तिच्या केसांतल्या फुलाला ओठ लावतो, त्या दृश्यावर पडद्यावर दगड पडले. तिच्या झोपडीला आग लावली गेली. रोझी जीव वाचवून तमिळ मुलखात गेली आणि ओळख लपवून जगली. एकच सिनेमा, तिथेच कारकीर्द संपली. त्या सिनेमाची प्रतही आज उरलेली नाही.

आता दुसरी बाजू पाहा. १९३६ साली आपल्याच मुंबईत, मालाडच्या बॉम्बे टॉकीजने ‘अछूत कन्या’ काढला. अस्पृश्य मुलगी झाली टागोरांच्या नात्यातली देविका राणी. देशभर वाहवा झाली. १९५९ च्या ‘सुजाता’त नूतन अस्पृश्य मुलगी झाली, तिला फिल्मफेअर मिळाले. या दोघींच्या अभिनयाबद्दल माझी तक्रार नाही. प्रश्न नियमाचा आहे. सवर्ण बाई पडद्यावर दलित झाली तर ती महान कला, आणि दलित बाई सवर्ण झाली तर गुन्हा! म्हणजे दगड अभिनयावर पडले नव्हते. जात अंगात नसते, ती नेसवलेली असते, हे रोझीने नुसती साडी बदलून दाखवले. मनुवाद्यांना तेच झोंबले.

काही जण म्हणतील, ते जुने दिवस होते. मग आज दलित मुलीला प्रेमकथेची नायिका, डॉक्टर किंवा वकील म्हणून किती वेळा बोलावले जाते? आणि दलित पात्र असले की ते रडणारे, मार खाणारेच का असते? दगड थांबले, पण दार अजून पुरते उघडलेले नाही.

पा. रंजित यांच्या नीलम संस्थेने चेन्नईत रोझीच्या नावाने चित्रपट महोत्सव सुरू केला. आपण काय करणार? जयंतीच्या डीजेवर होणाऱ्या खर्चातला थोडा हिस्सा बाजूला काढा. वस्तीतल्या मुलींच्या हाती कॅमेरा द्या, कथा त्यांनाच लिहू द्या. दुसऱ्याने दिलेल्या भूमिकेची वाट पाहणे आता पुरे झाले.

जय भीम!