उचल आणि हजेरीपट

मनुष्याची खरेदी-विक्री म्हटली म्हणजे आपल्या डोळ्यांपुढें बेड्या, चाबूक आणि गुलामांचा बाजार उभा राहतो. परंतु हा व्यवहार आज बहुधा गोड शब्दांनीं व रोख रकमेनें चालतो.

बीड जिल्ह्याचेंच उदाहरण घ्या. दिवाळीच्या सुमारास तेथील हजारों कुटुंबें ऊंसतोडणीसाठीं साखर कारखान्यांकडे जातात. हंगामापूर्वींच मुकादम त्यांस आगाऊ रक्कम देतो. तिला ‘उचल’ म्हणतात. नवराबायकोची जोडी म्हणजे एक ‘कोयता’. हंगामांत उचल फिटली नाहीं, तर बाकी पुढील वर्षाच्या माथीं बसते. आईबापांमागून मुलेंही फडावर जातात; मोळ्या बांधूं लागतात, धाकट्या भावंडांस सांभाळतात. जोडीवांचून कोयता होत नाहीं, यास्तव कित्येक मुलींचीं लग्नें १८ वर्षांपूर्वींच उरकण्यांत येतात. शाळा दिवाळींत सुटते, ती पुष्कळांची कायमचीच सुटते.

कायदे नाहींत असें नव्हे. मुलांचे श्रम गहाण टाकणारा करार रद्द समजावा, असा कायदा १९३३ सालींच झाला. राज्यघटनेच्या २३ व्या कलमानें मनुष्यांचा व्यापार व वेठ निषिद्ध ठरविली. १९७६ च्या कायद्यानें वेठबिगाराच्या डोक्यावरील कर्जच नाहींसें केलें. २०१६ च्या दुरुस्तीपासून, शाळा सांभाळून घरच्या धंद्यास केलेली मदत व कलाक्षेत्रांतील कांहीं कामें वगळतां, १४ वर्षांखालील मुलास कोणत्याही कामावर ठेवतां येत नाहीं. मग अडतें कोठें? कायदा बहुधा तक्रार आल्यावर जागा होतो. आणि उचल घेतलेला मनुष्य मुकादमाविरुद्ध तोंड उघडीत नाहीं.

कोणी म्हणेल, “पोटासाठीं जाणाऱ्यांस अडवावें कसें?” आईबापांस दोष देण्याचें कारण नाहीं. मुलांस गांवींच राहून शिकतां यावें म्हणून सरकारनें हंगामी वसतिगृहांची योजना केलेली आहे. परंतु मूल निघून गेल्यावर तिचा उपयोग काय? तें निघण्यापूर्वीं कोणाच्या तरी लक्षांत आलें पाहिजे. आणि तें प्रथम शाळेच्याच लक्षांत येऊं शकतें.

म्हणून माझें मत असें कीं, हजेरीपटावरील गैरहजेरीची खूण हा केवळ हिशेब नव्हे, ती धोक्याची सूचना आहे. ओळीनें तीन दिवस एखादी जागा रिकामी दिसली, तर शिक्षकानें घरीं जाऊन चौकशी करावी. मित्रहो, तुमचा सोबती कामावर जाणार किंवा मैत्रिणीचें लग्न ठरलें असें कानीं आलें, तर तें गुपित ठेवूं नका. आम्हांस सांगा, अथवा १०९८ या क्रमांकावर दूरध्वनि करा. त्यास पैसे पडत नाहींत. ही चहाडी नव्हे. हें मित्राचें कर्तव्य होय.