जामीन हे वसुलीचे साधन नव्हे

वैवाहिक तंट्यात जामीन रद्द व्हावा तो आरोपीने धमकावले, साक्षीदार फोडले किंवा तो फरार झाला म्हणून. तडजोड फिसकटली वा ठरलेली रक्कम थकली म्हणून नव्हे, असे आमचे स्पष्ट मत आहे. पत्नीच्या साऱ्या गरजा भागवण्याची हमी अटकपूर्व जामिनाला जोडणे सर्वोच्च न्यायालयाने 2024 मध्ये अमान्य केले, ते योग्यच. पोटगीची वाट कायद्यात वेगळी आहे.

मात्र यातून सासरच्यांना मोकळे रान मिळता कामा नये. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 483 नुसार सत्र न्यायालय जामिनावरील आरोपीला पुन्हा कोठडीत धाडू शकते. भंडारा जिल्ह्यातल्या करडीला माहेरी आलेल्या लेकीला रात्री-अपरात्री ‘केस मागे घे’ असा फोन आला आणि तिची तक्रार अदखलपात्र नोंदीवरच थांबली, तर भंडाऱ्याच्या न्यायाधीशांना ती धमकी कळणार कशी? पुराव्याअभावी जामीन रद्द करण्याचा अर्ज फेटाळला जातो, मग ‘खोटी केस’ म्हणायला गाव मोकळे!

पोलिसांनी अशा प्रत्येक धमकीचा जबाब कॉल-नोंदींसह तत्काळ सरकारी वकिलांकडे द्यावा आणि जामीन रद्द करण्याच्या अर्जांवर तारखांचा घोळ न घालता सुनावणी व्हावी, ही आमची मागणी आहे.