गव्हाच्या पैशातून तगलेल्या पोथ्या

रेशनवरच्या अमेरिकी लाल गव्हाला नाकं मुरडणारी पिढी अजून आपल्यात आहे. ‘पीएल-४८०’ या अमेरिकी कायद्याखाली आलेल्या त्या गव्हाचे पैसे भारत रुपयांत चुकते करी आणि त्यातला काही भाग लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या दिल्ली कार्यालयामार्फत पुस्तकखरेदीला जाई. १९६८ पासून तिथे असलेले जीन स्मिथ यांनी या पैशाला तिबेटी वाट दाखवली. १९५९ नंतर तिबेटी निर्वासितांनी हिमालय ओलांडून आणलेल्या पोथ्या भारतात पुन्हा छापल्या गेल्या आणि त्यांच्या प्रती अमेरिकी ग्रंथालयांत पोहोचल्या. मूळ पोथी म्हणजे लांबट सुटी पानं, वरखाली लाकडी फळ्या, भोवती कापड. एक पान हरवलं की मजकूर तुटला. अशा पोथ्या जपणारं धरमशालेचं तिबेटी ग्रंथालय १९७० चं. त्यांची डिजिटल रूपं करणारी स्मिथ यांची संस्था १९९९ ची.

आता स्कॅनिंगचा जोर आहे, तो हवाच. पण फोटो निघाला म्हणजे ग्रंथ वाचला गेला, हा सरकारी समज आहे. राहुल सांकृत्यायनांनी तिबेटातल्या मठात टिपलेल्या छायाचित्रांवरून पुण्याच्या वा. वि. गोखले यांनी बौद्ध आचार्य वसुबंधूच्या ‘अभिधर्मकोशकारिकां’ची संस्कृत संहिता १९४६ मध्ये प्रसिद्ध केली. तोवर अभ्यासकांची भिस्त मुख्यतः चिनी-तिबेटी भाषांतरांवर होती. गोखल्यांना तिबेटीही येत होतं, म्हणून संहिता भाषांतरांशी ताडून पाहणं जमलं. तेव्हा अनुदान द्यायचंच, तर ते आधी सूचिकारांच्या आणि तिबेटी शिकवणाऱ्यांच्या पगाराला द्यावं. स्कॅनर नंतरही घेता येतील.