जुनी फीत : एक साक्षीदार

आमच्या मंडणगडाला लागूनच दापोली तालुका आहे. तेथील मुर्डी गावचे रघुनाथ परांजपे १८९९ साली केंब्रिजला सीनिअर रँग्लर झाले. १९०१ साली ते मायदेशी परतले, तेव्हा मुंबईत झालेले त्यांचे स्वागत सावेदादा भाटवडेकर यांनी चित्रफितीवर टिपले. ती फीत आज उपलब्ध नाही. तो सोहळा आपण वाचू शकतो. पाहू शकत नाही.

मुलांनो, अनुबोधपटांत व दूरचित्रवाणीवर दिसणारी जुनी दृश्ये केवळ शोभेची नसतात. ती गतकाळाची साक्षीदार असतात. म्हणूनच १९६४ साली पुण्यास स्थापन झालेले राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय अशा फिती जतन करते. परंतु एवढ्याने भागत नाही. एका प्रसंगाचे दृश्य दुसऱ्याचे म्हणून दाखविणे म्हणजे साक्षीदाराकडून खोटे वदविणे होय. यास्तव प्रत्येक दृश्याबरोबर त्याचे स्थळ व साल सांगितलेच पाहिजे.