तारेतली काटकसर

आगीच्या बातमीत ‘शॉर्टसर्किट’ हा शब्द छापला गेला की चौकशी संपली, असे मानण्याची रीत आपल्याकडे पडली आहे. जणू तो दैवाचा कोप! वस्तुतः अशा पुष्कळ अनर्थांचे बीज तार विकत घेताना चार पैसे वाचविण्याच्या मोहात असते.

तारेतील प्रवाह दुप्पट झाला की उष्णता चौपट होते. ती न सोसल्याने बारीक तारेचे वेष्टन मऊ होते, तडकते आणि ठिणगीला वाट मिळते. म्हणूनच घरातील दिव्यापंख्यांना १.५ चौरस मिलिमीटरची तांब्याची तार पुरत असली, तरी गिझरला २.५ची आणि वातानुकूलन यंत्राला बहुधा ४ची लागते.

प्रश्न केवळ घराचा नाही. पांढुर्णा जिल्ह्यातील रामाकोना हे सौंसर तालुक्यातील गाव मध्य प्रदेशात असले, तरी तो मुलूख मराठी बोलणारा व संत्र्यांच्या बागांचा आहे. तेथील बागांचा आणि आमच्या कुळागरांचा जीव सारखाच पंपात अडकलेला असतो. समजा, खांबापासून विहीर २०० मीटर दूर आहे आणि सिंगल फेज पंप १० अँपिअर प्रवाह घेतो. २.५ची तार घातल्यास जाता-येता सुमारे २७ व्होल्ट वाटेतच खर्ची पडतात. ६ची घातल्यास अकरा-बारा. दाब घटला की मोटार अधिक प्रवाह ओढते, तापते आणि ऐन उन्हाळ्यात, झाडे तहानलेली असताना, जळते. तारेत वाचविलेले पैसे मोटारीत जातात, आणि पीकही हातचे जाते.

याहून घातक सवय फ्यूजची. तो वारंवार जातो म्हणून त्यात जाड तार गुंडाळणे म्हणजे राखणदाराला झोपवून चोराला दार उघडणे होय. फ्यूज तारेच्या रक्षणासाठी असतो. तो तारेआधी वितळलाच पाहिजे.

जोडणीपूर्वी कोणती उपकरणे किती प्रवाह घेणार याचा हिशेब परवानाधारक वायरमनकडून लिहून घ्यावा, आणि नवे उपकरण आणताना तो पुन्हा तपासावा, असे आमचे आग्रहाचे सांगणे आहे. किनाऱ्यावरील खारी हवा तारांचे जोड कुरतडते. तेव्हा आपण तर दुप्पट सावध असावयास हवे. भिंतीत एकदा बुजविलेली तार डोळ्यांना दिसत नाही. तिची निवड मात्र डोळे उघडे ठेवूनच केली पाहिजे.