दरोडेखोर कोण, साहसवीर कोण?

आमच्या जालना जिल्ह्यातील असई हे गाव शाळेच्या पुस्तकात एका ओळीपुरते येते. २३ सप्टेंबर १८०३ रोजी केळणा आणि जुई या नद्यांच्या मधल्या जागेत आर्थर वेलस्लीने शिंदे-भोसल्यांच्या फौजेचा पराभव केला, एवढेच आपण पाठ केलेले असते. पण त्या दिवशी शिंद्यांच्या कवायती पायदळाचा सेनापती कोण होता? अँथनी पोलमन, जर्मनीतील हॅनोव्हरचा माणूस! पूर्वी कंपनीच्या फौजेत साधा सार्जंट. शिंद्यांच्या पदरी येऊन तो पलटणींचा धनी झाला. हत्तीवरून फिरायचा, राजासारखा राहायचा, अशी त्याची वर्णने आहेत. असईत हरल्यावर पुढे तो पुन्हा कंपनीच्याच नोकरीत गेला.

त्याच्या हाताखालच्या तोफचींचे काय झाले? ते तोफा सोडून पळाले नाहीत. तोफांपाशीच संगिनींनी मारले गेले. शत्रूनेही त्यांची हिंमत कबूल केली आहे. इंग्रजांकडील दीड हजारांवर आणि शिंदे-भोसल्यांकडील सुमारे सहा हजार माणसे मेली वा जखमी झाली. गोऱ्या अधिकाऱ्यांची नावे कागदावर राहिली, शिपायांचे मात्र आकडे राहिले. आणि प्रस्थापित इतिहासकार पोलमनला ‘साहसवीर’ म्हणून मोकळे झाले.

असे साहसवीर गोऱ्या साम्राज्याने जगभर पेरले. इंग्लंडमधील हल परिसरात जन्मलेला जॉन बॉयस हा खलाशी १८९८ साली पूर्व आफ्रिकेत किकुयू लोकांच्या मुलखात शिरला. तांड्यांना धान्य विकता विकता त्याने तेथील टोळ्यांच्या भांडणात हात घातला, हत्यारी माणसे जमवली आणि स्वतःचा अंमल बसवला. १९०० साली सरकारनेच त्याला पकडून मोंबासाच्या कोर्टात उभे केले. आरोपांमध्ये एक आरोप होता दरोड्याचा!

वकील म्हणून मी येथे थबकलो. हा ‘दरोडा’ तेथे गेला कसा? कारण ब्रिटिशांनी आपली भारतीय दंड संहिता तेथेही लागू केली होती. १ जुलै २०२४ रोजी नवी न्याय संहिता येईपर्यंत ज्या कायद्यावर आम्ही जालन्याच्या कोर्टात खटले चालवले, तोच हा कायदा. बॉयस निर्दोष सुटला आणि १९११ साली त्याने पुस्तक छापले. त्यात तो स्वतःला चक्क ‘किकुयूंचा राजा’ म्हणवतो!

आता आपल्याकडे पाहा. १८७१ साली गुन्हेगार जमाती कायदा आला. बॉयसचे पुस्तक निघाले त्याच १९११ साली तो अधिक कडक झाला. हजेरी, बोटांचे ठसे, वसाहती. ज्या बाळाने अजून पाऊल टाकले नाही, तेही जन्मजात गुन्हेगार! १९५२ साली हा कायदा रद्द झाला, पण आजही कोठे दरोडा पडला की पोलिसांची पहिली जीप पारध्यांच्या पालावर जाते. म्हणजे हत्यारे घेऊन अंमल बसवणारा राजा, आणि काहीही न केलेला आमचा बांधव दरोडेखोर. कलम एकच असून भागत नाही. ते कोण लावतो आणि कोणाला लावतो, हा खरा प्रश्न आहे.

आणि नोंद कोण ठेवतो, हाही. भीमा कोरेगावच्या स्तंभावर आपल्या शूरांची नावे कोरलेली आहेत. म्हणूनच १ जानेवारी १९२७ रोजी बाबासाहेब तेथे गेले आणि त्या दगडातून आपला इतिहास बोलू लागला. तो स्तंभ इंग्रजांनी स्वतःच्या गौरवासाठी उभारला होता. पण नावे आपली होती आणि ती पुसता आली नाहीत.

किकुयूंनीही हेच केले. १९५२ नंतरच्या आणीबाणीत ब्रिटिशांनी त्यांना छावण्यांत डांबून छळले. त्या छळाची दाद मागायला केनियातील वृद्ध स्त्री-पुरुष थेट लंडनच्या न्यायालयात गेले. आपल्या नावाने उभे राहून त्यांनी साक्षी दिल्या. २०१३ साली ब्रिटिश सरकारला ५,२२८ जणांसाठी सुमारे दोन कोटी पौंडांची तडजोड करावी लागली. बॉयसच्या पुस्तकातील ‘प्रजा’ आता वादी झाली होती.

मित्रहो, आपल्या वस्तीत, पालावर, तांड्यावर अजूनही अशी म्हातारी माणसे आहेत. हजेरीचे दिवस, वेठबिगार, ठाण्यातला मार त्यांना आठवतो. ती गेली की साक्षीदार गेला. एक वही घ्या, तारीख टाका, पूर्ण नाव लिहा, त्यांच्या शब्दांत हकिकत लिहा, शेवटी सही किंवा अंगठा घ्या. राजांनी आपली पुस्तके कधीच छापली आहेत. आता प्रजेच्या जबान्या नोंदवायच्या आहेत.