बाप गेला, दावाही गेला



माणूस गेला की तेरवीपर्यंत घर भरलेले असते. तेरवी झाली की पोरगा मृत्यूचा दाखला घेऊन तलाठ्याकडे जातो, वारसाचा फेरफार होतो, सातबाऱ्यावर नाव चढते. घराला वाटते, झाले सगळे. पण बापाचा दावा कोर्टात चालू असेल, तर तिथल्या कागदावर बाप अजून जिवंतच असतो. सातबारा वेगळा, कोर्टाचे रेकॉर्ड वेगळे. तलाठ्याने लिहिलेले कोर्टाला आपोआप कळत नाही.

आमच्या एका काकांचे असेच झाले. धुऱ्याचा वाद, शेजाऱ्याने अर्धा एकर दाबलेला, बारा वर्षे तारखा. काका कापूस वेचणीच्या दिवसांत गेले. पुढची तारीख सात महिन्यांनी होती. चुलतभाऊ हजर झाला, तेव्हा समोरचा वकील उभा राहून म्हणाला, वादी मयत, वारस रेकॉर्डवर नाहीत, दावा संपला. उशीर माफ करून घेण्यात आणखी दोन वर्षे गेली. तोवर शेजारी त्या तुकड्यात संत्रा लावून मोकळा.

कायदा असा आहे. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ ची, आदेश २२. वादी किंवा प्रतिवादी वारला तर ९० दिवसांत वारस रेकॉर्डवर आणण्याचा अर्ज द्यायचा. हे दिवस मृत्यूच्या तारखेपासून मोजतात, तुम्हाला कळले तेव्हापासून नाही. अर्ज नाही तर दावा त्या माणसापुरता अ‍ॅबेट होतो. वादी एकटाच असेल तर अख्खा जातो, आणि त्याच कारणावरून नवा दावा लावता येत नाही. पुढच्या ६० दिवसांत तो रद्द करून घेता येतो. तेही हुकले तर उशीरमाफीचा अर्ज. अर्जात विधवा, मुलगे, मुली, आई हयात असेल तर तीही, सगळ्यांची नावे द्या. बहीण हिस्सा मागेल म्हणून तिला गाळू नका, समोरचा नेमके तेच बोट धरतो.

मोबदल्याच्या प्रकरणात हे फार लागते. गोसीखुर्दची पायाभरणी १९८८ ची. तेव्हा जो चाळिशीत होता तो आज पंचाहत्तरीच्या पुढे आहे, किंवा नाहीच. वाढीव मोबदल्याचा निकाल लागला की सरकार अपील करते आणि प्रकरण नागपूर खंडपीठात पडून राहते. अशा अपिलात शेतकरी वारला तर वारस आणण्याचे काम सरकारचे, आणि मुदत तीच. पंजाबात लष्करासाठी दोन भावांची सामाईक जमीन घेतली होती. एक भाऊ वारला, सरकारने त्याचे वारस आणले नाहीत. १९६१ साली सर्वोच्च न्यायालयाने सरकारचे अख्खे अपील फेटाळले. हा निकाल आपल्या वकिलांना आठवून द्या. सरकारचा उशीर लवकर माफ होतो आणि आपले जोडे झिजतात, हा अनुभव मात्र सगळ्यांचाच आहे.

उशीर झाला म्हणून घरी बसू नका. २००८ साली पेरुमोन भगवती देवस्वमच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की अपील वर्षानुवर्षे तारखेविना पडून असेल तर समोरचा जिवंत आहे की नाही याची पक्षकाराने सतत चौकशी करावी अशी अपेक्षा धरता येत नाही. अशा उशिराकडे सैल हाताने पाहावे. करोनात तर १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा सगळा काळ मुदतीतून वगळला गेला. म्हणजे मुदत ही काही देवाने आखलेली रेघ नाही.

पक्षकार वारल्याचे कळले की वकिलाने कोर्टाला सांगावे, असा नियम १९७६ च्या दुरुस्तीने आला. पण सांगितले नाही तर काय, हे त्या नियमात नाही. आणि मृत्यूची नोंद तर २१ दिवसांत ग्रामपंचायतीत होतेच. रेशनकार्डावरचे नाव कमी करायला ती सरकारला सापडते, मग कोर्टाला का सापडू नये? मृत्यूची नोंद कोर्टाकडे जावी, कोर्टाने घरच्यांना नोटीस काढावी, आणि ९० दिवस त्या नोटिशीपासून मोजावेत. संहितेच्या कलम १२२ खाली उच्च न्यायालयांना हे नियम बदलण्याचा अधिकार आहे, त्यामुळे मुंबई उच्च न्यायालयाकडे हीच मागणी न्यायला हवी. मुदत कायद्यापुरती ती दिल्लीलाही सांगावी लागेल.

जिल्हा बैठकीला येताना दाव्याचा नंबर, कोर्टाचे नाव, आणि दावा लागल्यानंतर घरात किंवा समोरच्या बाजूला कोणी वारले असेल तर त्याची तारीख, कागदावर लिहून आणा.